भाडे थकण्याआधीचा फोन: न्यू जर्सीतील स्थानिक संस्थांची मदत

न्यू जर्सीच्या मिडलसेक्स काउंटीत एका स्थानिक धर्मादाय संस्थेच्या मदतकक्षात मी स्वयंसेवक म्हणून काम करते. घरभाडे थकलेली, वीज किंवा गॅस तोडण्याची नोटीस हाती पडलेली माणसे तेथे येतात, आणि अलीकडे त्यांत आपली मराठी माणसेही दिसू लागली आहेत. कोणाची नोकरी गेलेली असते, कोणाच्या घरी आजारपण लांबलेले असते, कोणा ताईंच्या घरात येणारा एकमेव पगार नवऱ्याच्या निधनाने थांबलेला असतो. ही मंडळी बहुधा फार उशिरा येतात. आधी क्रेडिट कार्डाची मर्यादा संपते, मग मित्रांकडची उसनवारी संपते, मग भारतातून पैसे मागवण्याची वाटही खुंटते, आणि कोर्टाची तारीख चार दिवसांवर आल्यावर कोणी तरी त्यांना आमचा पत्ता देते. मला कळकळीने सांगायचे आहे ते हे की अशा वेळी उभ्या राहणाऱ्या संस्था या देशात आहेत आणि त्या मनापासून मदत करतात. परंतु ती मदत लहान रकमांची असते, अनेक ठिकाणी विखुरलेली असते आणि तिला पोहोचायला वेळ लागतो. म्हणून पुढच्या महिन्याचे भाडे भरता येणार नाही हे ज्या दिवशी कळते, त्याच दिवशी पहिला फोन करायला हवा.

तो फोन २११ या क्रमांकावर करावा. सामाजिक मदतीच्या माहितीसाठी हा क्रमांक २००० साली फेडरल कम्युनिकेशन्स कमिशनने देशभर राखून ठेवला, आणि न्यू जर्सीत ही सेवा चोवीस तास विनामूल्य मिळते. इंग्रजीत बोलणे अवघड वाटत असेल तर दुभाषी मागता येतो. मात्र २११ स्वतः पैसे देत नाही, ते नावे आणि फोन नंबर देते. हे ठाऊक नसल्याने पुष्कळ जण पहिल्याच फोननंतर हिरमुसून थांबतात. तेथे ‘मला मदत हवी आहे’ एवढेच सांगून भागत नाही. माझ्या झिप कोडमध्ये भाड्यासाठी कोणती संस्था काम करते, तिच्याकडे सध्या निधी शिल्लक आहे का, आणि ती नवे अर्ज कोणत्या दिवशी घेते, हे नेमके विचारावे. बऱ्याच संस्थांचा पैसा महिन्याच्या सुरुवातीला येतो आणि लवकर संपतो, त्यामुळे तारीख विचारल्याखेरीज फोन ठेवू नये.

ज्या संस्थांची नावे मिळतात त्यांत सोसायटी ऑफ सेंट व्हिन्सेंट डी पॉल, सॅल्व्हेशन आर्मी, कॅथलिक चॅरिटीज आणि ज्यू समाजाच्या कुटुंबसेवा संस्था ही नेहमीची आहेत. यांपैकी कोणाकडेही जाताना धर्माची अडचण येत नाही, हे मी अनुभवाने सांगते. कपाळावर कुंकू लावून आलेल्या आजींना चर्चच्या तळघरातल्या कार्यालयात खुर्ची देऊन आस्थेने ऐकून घेतलेले मी पाहिले आहे. सेंट व्हिन्सेंट डी पॉलची पद्धत मला विशेष भावते. १८३३ साली पॅरिसमध्ये फ्रेडरिक ओझानाम आणि त्याच्या विद्यार्थी मित्रांनी ही संस्था सुरू केली, तेव्हापासून गरजू माणसाच्या घरी जाऊन त्याला भेटणे हा तिच्या कामाचा गाभा राहिला आहे. स्वयंसेवक जोडीने घरी येतात, स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसतात, बिले पाहतात, मुलांची चौकशी करतात. आपल्याकडे परके माणूस घरात येऊन आर्थिक प्रश्न विचारते म्हणजे झडतीच, असा समज चटकन होतो, आणि एका घरी तर या भीतीपोटी भेटच रद्द केली गेली. त्या भेटीत कपाटे तपासली जात नाहीत. येणाऱ्या माणसांच्या हाती बहुतेक वेळा परिसरातल्या लोकांनी रविवारी चर्चच्या दानपेटीत टाकलेले पैसे असतात, आणि ते कोणत्या थकबाकीला लावल्याने घर वाचेल हे त्यांना ठरवायचे असते. संस्थेच्या प्रत्येक स्थानिक गटाचे क्षेत्र त्याच्या चर्चच्या हद्दीपुरते असते, त्यामुळे शेजारच्या गावातल्या गटाने नकार दिला तर तो तुमच्या परिस्थितीला दिलेला नकार समजू नये.

आता रकमेविषयी. एखादी संस्था संपूर्ण भाडे भरेल अशी अपेक्षा ठेवून आलेला माणूस निराश होतो, कारण बहुतेक ठिकाणी काही शे डॉलरच मिळतात. येथे जी गोष्ट समजून घ्यावी लागते तिला सगळे ‘प्लेज’ म्हणतात: संस्था घरमालकाला किंवा वीज कंपनीला लेखी कळवते की उरलेली रक्कम जमल्यास आम्ही एवढे डॉलर थेट तुमच्याकडे पाठवू. समजा दोन हजार डॉलर भाडे थकले आहे आणि घरात सातशे आहेत. एका संस्थेने चारशेचे प्लेज दिले, दुसरीने पाचशेचे दिले, तर अजून चारशे कमी पडतात, आणि ते चारशे मिळेपर्यंत आधीच्या दोन्ही संस्थांचे चेक निघत नाहीत. ही साखळी जुळवण्याचे काम अर्जदारालाच करावे लागते. म्हणून पहिले प्लेजचे पत्र मिळताच त्याची प्रत घेऊन दुसऱ्या संस्थेकडे जावे, आणि तेथे आपल्याला अमुक इतकेच कमी पडत आहेत हे आकड्यानिशी सांगावे. मदत देणाऱ्यालाही आपल्या चारशे डॉलरनी प्रश्न खरोखर सुटणार आहे हे दिसले की निर्णय सोपा होतो. घरातले सातशे मात्र या काळात दुसरीकडे खर्च करू नयेत. सगळी जुळवाजुळव त्यावर उभी असते.

भाड्यासाठीचा काही पैसा मुळात सरकारी असतो. १९८३ पासून इमर्जन्सी फूड अँड शेल्टर या केंद्रीय कार्यक्रमाचा निधी स्थानिक मंडळांमार्फत अशा संस्थांना मिळत आला आहे, आणि त्यातून भाड्यासाठी ठरावीक मर्यादेपर्यंत मदत करता येते. तो निधी प्रत्येक वेळी उपलब्ध असेलच असे नाही, पण विचारायला हरकत नसावी.

कागदपत्रांपाशी आपल्या माणसांची सर्वांत मोठी अडचण होते, आणि त्याविषयी थोडे सविस्तर लिहिणे मला आवश्यक वाटते. ओळखपत्र, लीज, मिळकतीचा पुरावा आणि उत्पन्न का थांबले याचा कागद, म्हणजे नोकरी गेल्याचे पत्र, रुग्णालयाचे बिल किंवा मृत्यूचा दाखला, हे तर लागतेच. पण त्याशिवाय घरमालकाकडून दोन गोष्टी लागतात. पहिली म्हणजे लेजर, अर्थात कोणत्या महिन्याचे किती भाडे आले आणि किती बाकी आहे याचा त्याच्या हिशेबातला उतारा. दुसरी म्हणजे डब्ल्यू-९ नावाचा करविषयक फॉर्म, कारण संस्था चेक घरमालकाच्या नावे काढते, भाडेकरूच्या हाती पैसे देत नाही. मोठ्या अपार्टमेंट संकुलात हे दोन्ही कागद कार्यालयातून सहज मिळतात. परंतु आपल्यातले कित्येक जण कोणाच्या तरी घरातल्या बेसमेंटमध्ये राहतात, किंवा एका अपार्टमेंटमधली खोली घेऊन मुख्य भाडेकरूला फोनवरून पैसे पाठवतात. लीजवर त्यांचे नाव नसते, पावती नसते, आणि घरमालक आपलाच ओळखीचा असल्यामुळे कागद मागणे म्हणजे संबंध बिघडवणे असे वाटत राहते. अडचणीच्या वेळी अशा माणसाला मदत करण्याची आमची कितीही इच्छा असली तरी चेक कोणाच्या नावे काढायचा हा प्रश्न तसाच उरतो. एका काकांनी बँकेच्या उताऱ्यावर दर महिन्याच्या व्यवहारापुढे ‘रेंट’ असे लिहून ठेवलेले होते. त्या एका सवयीमुळे आणि घरमालकाने सही केलेल्या साध्या पत्रामुळे त्यांचे काम झाले. सध्या सगळे सुरळीत असलेल्यांनीही खोली भाड्याने घेताना एक पानी करार आणि महिन्याची पावती मागावी, असे मी आग्रहाने सांगेन. घरमालक चांगला आहे म्हणूनच तो हे देईल.

लाजेबद्दल मला कोणाला दोष द्यायचा नाही. मुलगा अमेरिकेत आहे म्हणून गावाकडे ज्यांच्या आईवडिलांना मान मिळतो, त्यांना चर्चच्या दारात उभे राहणे किती जड जाते हे मी जाणते. पण लाजेबरोबर आणखी एक भीती असते, ती इमिग्रेशनची, आणि तिचे निरसन होऊ शकते. ‘पब्लिक चार्ज’च्या, म्हणजे इमिग्रेशनचा अर्जदार पुढे सरकारी मदतीवर अवलंबून राहील का हे पाहणाऱ्या, नियमांमध्ये सरकारी लाभांचा विचार होतो, खासगी संस्थेने स्वतःच्या देणग्यांतून तुमच्या घरमालकाला पाठवलेला चेक हा सरकारी लाभ नव्हे. संस्था कधी कधी सरकारी निधीही वाटतात, म्हणून पैसा कोणत्या निधीतला आहे हे मोकळेपणाने विचारावे, आणि तो सरकारी असेल तर अर्जाआधी इमिग्रेशन वकिलाचा सल्ला घ्यावा. त्याच वेळी हेही लक्षात ठेवावे की खरी संस्था अर्जासाठी शुल्क घेत नाही. फी भरा म्हणजे भाडे मंजूर करून देतो असे फोनवर सांगणाऱ्याला एक डॉलरही देऊ नये.

प्रकरण कोर्टात गेले असेल तरी वाट संपत नाही. न्यू जर्सीत घरमालक स्वतःहून कुलूप बदलून कोणाला बाहेर काढू शकत नाही. त्यासाठी कोर्टाचा आदेश लागतो आणि तो कोर्टाचा अधिकारीच बजावतो. सुनावणीला गैरहजर राहिल्यास निकाल विरोधात जातो, त्यामुळे पैसे नसले तरी हजर राहावे आणि मिळालेली प्लेजची पत्रे बरोबर न्यावीत. थकलेले भाडे आणि कोर्टखर्च पूर्ण भरल्यास भाडेथकबाकीचे प्रकरण मिटते, आणि राज्याच्या कायद्याप्रमाणे ही संधी बाहेर काढल्यानंतरच्या तीन कामकाजाच्या दिवसांपर्यंत असते. शिवाय धर्मादाय संस्थेकडून येणारे पैसे घरमालकाला नाकारता येत नाहीत. अल्प उत्पन्न असलेल्यांना लीगल सर्व्हिसेस ऑफ न्यू जर्सीकडून विनामूल्य कायदेशीर सल्ला मिळू शकतो, आणि त्यांचे मुख्य कार्यालय आपल्या एडिसनमध्येच आहे.

वीज आणि गॅस यांचे गणित वेगळे आहे. पुरवठा तोडण्याआधी कंपनीला लेखी नोटीस द्यावी लागते, आणि संस्थांना नेहमीचे बिल नव्हे तर हीच नोटीस पाहायची असते, कारण तिच्यावर तोडणी टाळण्यासाठी भरायची किमान रक्कम छापलेली असते. ती रक्कम एकूण थकबाकीपेक्षा पुष्कळदा कमी असते. आमच्याकडे आलेल्या एका ताई एकूण आकडा पाहूनच खचल्या होत्या. पानाच्या खालच्या चौकटीतला आकडा दाखवल्यावर त्यांच्या लक्षात आले की तेवढे दोन संस्थांच्या मदतीने जमू शकते. लाईहीप हा केंद्र सरकारचा ऊर्जा-साहाय्य कार्यक्रम १९८१ पासून चालू आहे, आणि न्यू जर्सीत त्याच एका अर्जातून युनिव्हर्सल सर्व्हिस फंडासाठीही विचार होतो, ज्यातून पात्र कुटुंबाच्या दरमहा बिलात सवलत मिळते. उत्पन्नाच्या मर्यादेत न बसणाऱ्या, पण तात्पुरत्या संकटात सापडलेल्या कुटुंबांनी एनजे शेअर्स या ना-नफा संस्थेकडे चौकशी करावी.

याखेरीज १५ नोव्हेंबर ते १५ मार्च या काळात राज्याचा हिवाळी संरक्षण कार्यक्रम असतो. लाईहीपसारखे साहाय्य घेणाऱ्यांचा, तसेच बेकारी, वैद्यकीय खर्च किंवा जोडीदाराचे अलीकडचे निधन अशा हाताबाहेरच्या कारणाने बिल भरू न शकणाऱ्यांचा पुरवठा या काळात तोडता येत नाही. मात्र हे संरक्षण आपोआप मिळते असे धरून चालू नये. कंपनीला फोन करून आपले कारण सांगावे लागते आणि जमेल तेवढी रक्कम भरत राहावी लागते. म्हणून हातात थोडेच पैसे असतील आणि संरक्षण लागू झालेले असेल, तर हिवाळ्यात ते पैसे आधी भाड्याला लावावेत आणि कंपनीला दरमहा लहानशी रक्कम देत राहावे, असे माझे मत आहे. बिल मात्र माफ होत नाही, ते साचत जाते, आणि मार्चच्या मध्यानंतर नोटिसा एकदम सुटतात. त्या वेळी संस्थांच्या फोनवर मोठी गर्दी असते. हप्ते बांधून घेण्याविषयी कंपनीशी फेब्रुवारीतच बोलावे, ठरलेले हप्ते लेखी मागून घ्यावेत, आणि त्या पत्राची एक प्रत भाड्याच्या कागदांबरोबर एकाच पाकिटात ठेवावी, कारण पुढची संस्था तेच पाकीट मागणार आहे.