दाढीवाला डॉक्टर बरोबरच सांगत होता

जुने कृष्णधवल इंग्रजी सिनेमे पाहायची खोड असेल, तर हा गृहस्थ तुम्हाला कुठे ना कुठे भेटलेलाच असणार. अंगाने भरदार, बोलण्यात ठसठशीत जर्मन हेल. अपमान झाला की आधी डोळे विस्फारतात, मग आवाज चढतो. नाव मात्र पटकन कुणाला सांगता येत नाही. ‘अरे तो नाही का, सारखा भडकणारा जर्मन!’ एवढ्यावर ओळख पटते. त्याचं नाव सिग रुमान.

जन्म हॅम्बुर्गचा, १८८४चा. पहिल्या महायुद्धात कैसरच्या, म्हणजे जर्मन सम्राटाच्या, सैन्यात होता आणि १९२४ मध्ये अमेरिकेत गेला. न्यूयॉर्कच्या जर्मन रंगभूमीवरून ब्रॉडवेवर, तिथून हॉलिवूडला. चाळिशीत परमुलखात, परक्या भाषेत नट म्हणून पोट भरायचं म्हणजे उच्चार आडवे येणार. पण ह्याने उच्चारांचंच भांडवल केलं.

ग्राउचो, हार्पो वगैरे मार्क्स बंधू, म्हणजे हॉलिवूडचे धुमाकूळ घालणारे विनोदवीर भाऊ. त्यांनी त्याला तीन सिनेमांत छळला. ‘अ नाइट अ‍ॅट द ऑपेरा’मध्ये (१९३५) तो ऑपेरा कंपनीचा मॅनेजर. पण माझा जीव आहे तो दोन वर्षांनी आलेल्या ‘अ डे अ‍ॅट द रेसेस’मधल्या डॉ. स्टाइनबर्गवर. ग्राउचो असतो घोड्यांचा डॉक्टर आणि एका आरोग्यधामात माणसांचा डॉक्टर म्हणून मिरवत असतो. त्याचं बिंग फोडायला व्हिएन्नाहून हे दाढीवाले तज्ज्ञ बोलावले जातात. तपासणी म्हणजे काय, तर तिघे भाऊ पुन्हा पुन्हा हात धुतात, पुन्हा पुन्हा अंगरखे चढवतात आणि रुग्ण बाई बाजूलाच. स्टाइनबर्ग संतापाने फुलत जातात. आपण हसून हसून बेजार. नंतर, चहा टाकताना वगैरे, लक्षात येतं की त्या खोलीत शुद्धीवर असलेला माणूस एकच होता, आणि आपण त्यालाच हसलो!

असं का होतं? माझ्या मते त्याच्या आविर्भावामुळे. रुमान कधी प्रेक्षकांकडे बघून ‘गंमत चाललीय हं’ असं सुचवत नाही. त्याला आपल्या पदाची, पदवीची, दाढीची इतकी खात्री असते, की तो बरोबर असला तरी आपल्याला चोराची बाजू घ्यावीशी वाटते. फटाका फुटायला जशी पुडी घट्ट वळलेली लागते, तसा विनोदवीराला समोर एक ताठ माणूस लागतो. ‘अ नाइट इन कॅसाब्लांका’मध्ये (१९४६) तो लपून बसलेला नाझी आहे. डोक्यावरचा व्रण झाकायला टोप घालतो आणि हार्पो तो टोप व्हॅक्युम क्लीनरने ओढून घेतो. टोप गेल्यावरही ह्याचा तोरा तसूभर कमी होत नाही. आपल्याला हसू येतं ते त्या तोऱ्याचंच.

त्याचं सर्वांत मोठं काम ‘टू बी ऑर नॉट टू बी’मध्ये (१९४२). दिग्दर्शक अर्न्स्ट लुबिच मूळचे बर्लिनचे. वॉर्सातल्या गेस्टापोचा, म्हणजे नाझी गुप्त पोलिसांचा, प्रमुख कर्नल एरहार्ट म्हणजे आपला रुमान. लोक आपल्याला ‘छळछावणी एरहार्ट’ म्हणतात हे कळल्यावर तो खूश होतो; क्रौर्याची कीर्तीही त्याला कौतुकच वाटते. आणि काही बिनसलं की खापर हाताखालच्यावर: ‘शुल्ट्झ!’ शेवटी सगळंच अंगाशी आल्यावर तो दाराआड जातो. गोळीचा आवाज. क्षणभर शांतता. आणि मग आतून हाक: ‘शुल्ट्झ!’ स्वतःवर झाडलेली गोळी चुकली तरी दोष शुल्ट्झचाच. अशा साहेबाच्या हाताखाली ज्यांनी दिवस काढलेत, त्यांना हे जास्त झोंबेल.

त्याच सिनेमात फेलिक्स ब्रेसार्ट आहे. पूर्व प्रशियात जन्मलेला ज्यू नट, नाझी आल्यावर जर्मनीतून बाहेर पडलेला. त्याच्या वाट्याला आलेला ग्रीनबर्ग हा नाटक कंपनीत भाला धरून उभा राहणारा नट, आणि जन्मभराची इच्छा एकच: शेक्सपिअरच्या नाटकातला ज्यू सावकार शायलॉक करायचा. ती संधी त्याला मिळते ती नाझी गणवेशांच्या गराड्यात, जिवावर उदार होऊन. रुमानवर लिहिताना ब्रेसार्ट मध्ये घुसतो याला माझा इलाज नाही. दुय्यम नटांचं असंच असतं, एकाचा हात धरला की मागून दुसरा येतो. १९३९च्या ‘निनोच्का’मध्येही दोघे बरोबरच होते, पॅरिसच्या सुखांना भुललेले सोव्हिएत प्रतिनिधी म्हणून.

पुढे दिग्दर्शक बिली वायल्डरने त्याला ‘स्टालाग १७’मध्ये (१९५३) युद्धकैद्यांच्या छावणीतला सार्जंट केलं. नाव काय, तर शुल्ट्झ! अकरा वर्षांपूर्वी ज्याच्या नावाने ओरडला, त्याचीच वर्दी अंगावर आली. हा शुल्ट्झ वरकरणी हसतमुख, कैद्यांशी थट्टामस्करी करणारा. पण जाता-येता दिव्याच्या लोंबत्या वायरीची गाठ, म्हणजे कैद्यांत लपलेल्या हेराची खूण, बघतो आणि बुद्धिबळातल्या पोकळ काळ्या वजिरातली चिठ्ठी गुपचूप काढून घेतो. एरवी फजिती होणाऱ्या माणसाच्या हातात कारस्थान आलं की तो किती भीतिदायक होतो, ते इथे दिसतं.

१९६६ मध्ये, मृत्यूच्या आदल्या वर्षी, वायल्डरच्याच ‘द फॉर्च्युन कुकी’त तो पुन्हा परदेशी तज्ज्ञ झाला. विम्याच्या पैशांसाठी एकजण अर्धांगाचं सोंग घेऊन पडलाय. बाकीचे डॉक्टर यंत्रं लावून बुचकळ्यात पडतात; प्रोफेसर विंटरहाल्टर मात्र ठणकावून सांगतात, सोंग आहे. जुन्या काळी अशा माणसाला सापांच्या खड्ड्यात टाकत. चढून वर आला तर खोटारडा. आणि नाही आला तर? तर रुग्ण गेला, पण एक प्रामाणिक माणूस सापडला.

निदान अगदी अचूक होतं. ऐकलं कुणीच नाही.