लग्नाचे व्हिडिओ करता आणि भुताचं वेड कसलं?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. दर लग्नसराईत हा प्रश्न कुणी ना कुणी विचारतंच. बेळगावात शहापूरला माझं एडिटिंगचं दुकान. पार्टी गाणी निवडायला येते, कॉम्प्युटरवर थांबवून ठेवलेलं चित्र बघते आणि मग सुरू: "काय ओ, दिवसभर लग्नाचे व्हिडिओ करता आणि रात्री भुताचे सिनेमे बघता? तेही डोळे पुसत?"

होय, डोळे पुसत. माइक फ्लॅनगन नावाच्या अमेरिकन दिग्दर्शकाचं काम बघताना मला भीती कमी वाटते आणि घसा जास्त दाटतो.

हा माणूस मुळात एडिटर. टीव्हीवरच्या रिअ‍ॅलिटी शोचं एडिटिंग करून पोट भरायचा. पुढं नाव झालं तरी आपले सिनेमे बहुतेक स्वतःच कापत बसला, म्हणून मला जरा जास्तच जवळचा. 2006 साली त्यानं एक खोली, एक आरसा आणि एक माणूस एवढ्या भांडवलावर लघुपट केला. त्यावरूनच पुढं 'ऑक्युलस' हा मोठा सिनेमा झाला. पण मला धरून ठेवलं ते त्याच्या 2011 च्या 'अ‍ॅब्सेन्शिया'नं. बजेट सुमारे 70 हजार डॉलर, त्यातलेही काही इंटरनेटवर लोकांकडून वर्गणी काढून जमवलेले. हॉलिवूडमध्ये एवढे चहापाण्याला जात असतील.

गोष्ट साधी आहे. एका बाईचा नवरा सात वर्षांपासून बेपत्ता. तो मेला असं कायद्यानं जाहीर करायचे कागद ती करते. कागद होतात आणि नवरा दारात उभा.

आपल्याकडच्या पुराव्याच्या कायद्यातही सातच वर्षांची मुदत आहे. खानापूर भागातून माणसं गोव्याला कामाला जातात, त्यात नवीन काही नाही. ओळखीतल्या एका घरातला माणूस असाच गेला तो आलाच नाही. त्याची बायको हळदीकुंकवाला गेली की करंडा घेऊन फिरणारी बाई तिच्यापाशी थबकायची. बोट करंड्यात बुडवलेलं आणि नजर शेजारणीकडं, लावू की नको? मग कुणीतरी म्हातारी म्हणायची, "लाव गं." त्या थबकण्यात जे आहे, तेच फ्लॅनगन दीड तास दाखवतो. त्याचं भूत वरून चिकटवलेलं वाटत नाही, कारण घरात आधीच एक जागा रिकामी असते.

2018 ची 'द हाँटिंग ऑफ हिल हाऊस' ही दहा भागांची मालिका तर मी माणसं धरून धरून दाखवली आहे. शर्ली जॅक्सनच्या 1959 च्या मूळ कादंबरीत त्या घरात जमणारी माणसं बहुतेक एकमेकांना अनोळखी असतात. यानं त्यांच्या जागी एकाच घरातली पाच भावंडं आणली, आणि तिथंच सगळं पालटलं. सहाव्या भागात धाकट्या बहिणीची शवपेटी मधोमध ठेवलेली आणि भोवती बाकीची भावंडं नि बाप जुनी उणीदुणी काढतायत. कॅमेरा कितीतरी मिनिटं कट न घेता त्यांच्यात फिरत राहतो. मयताच्या घरी भांडण बघितलंय त्याला हे समजावून सांगावं लागत नाही.

त्या मालिकेत आणखी एक गंमत आहे. जिन्याखाली, पियानोमागं, दाराआड भुतं नुसती उभी असतात. कॅमेरा त्यांच्याकडं बोट दाखवत नाही, संगीत धाडकन वाजत नाही. ज्याला दिसली त्याला दिसली.

माझ्या धंद्यात हे रोजचं आहे. निपाणीकडची एक बाई आपल्या लग्नाची डीव्हीडी घेऊन आली होती. वडील वारलेले. ते जिथं जिथं दिसतात तेवढं वेगळं काढून द्या, म्हणाली. कन्यादानाचं, अक्षतांचं काढलं. ते बघून ती काही बोलली नाही. मग पंगतीचा एक तुकडा आला. तुपाचं भांडं घेऊन वडील मागून चाललेत, कॅमेरा आपल्याकडं वळलेला बघून हात हलवतात, म्हणजे मला नको, तिकडं पोरीला घ्या. दोन सेकंदं. "हेच," ती म्हणाली, "परत लावा." एडिटरच्या दृष्टीनं तो टाकाऊ शॉट, मधलं माणूस अर्धं कापलेलं, फोकस भलतीकडं. भूत मला विचाराल तर असं असतं.

त्याचं सगळंच मला पटतं असं नाही. 'मिडनाइट मास' (2021) ही मालिका त्यानं कैक वर्षं मनात बाळगली होती. 2016 च्या 'हश'मधली नायिका लेखिका आहे आणि तिच्या कादंबरीचं नावच 'मिडनाइट मास' आहे. पण त्या मालिकेत माणसं मरणाबद्दल एवढं लांबलचक बोलतात की माझा हात सारखा कात्री शोधतो. आणि 'द लाइफ ऑफ चक' या सिनेमाला 2024 मध्ये टोरांटोच्या चित्रपट महोत्सवात प्रेक्षकांचा पुरस्कार मिळाला, त्यात तर भयपट म्हणावा असा भागच थोडा. माझ्या मते त्याला भुताची गरज हळूहळू कमी लागायला लागलीय. चांगलं की वाईट, बघू.

यानंतरचा प्रश्न ठरलेला: "मग तुम्ही स्वतः कधी काढणार?" गोष्ट लिहून झालीय. आजी मराठी, शेजारीण कानडी आणि भूत कुठल्या भाषेत बोलणार यावर मित्रांत वाद. सीमाभाग आहे, चालायचंच. मी त्याला मुकंच ठेवलंय. खानापूरकडं एका ओळखीच्यांचं जुनं घर शूटिंगला मिळतंय, भाडंही घेणार नाहीत म्हणे. अट एकच, गावात कुणाला भुताचा सिनेमा आहे म्हणून सांगायचं नाही. घर विकायला काढलंय.