सिंहगडाच्या पोटात ज्वालामुखी आहे का?

सिंहगडावर मंडळींना घेऊन गेलो, की पिठलं-भाकरी खाताना कुणीतरी विचारतंच, "सर, हा गड म्हणजे विझलेला ज्वालामुखी ना?" तुम्हीही विचारलंत म्हणून सांगतो: नाही. पण गड ज्वालामुखीच्याच दगडाचा आहे.

कल्याण दरवाज्याकडे चला. समोर राजगड, तोरणा. स्वच्छ हवेत दुसरीकडे पुरंदरही दिसतो. या साऱ्यांचे माथे 1300-1400 मीटरच्या आसपासच आहेत. सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी इथे जमिनीला लांबलचक भेगा पडल्या आणि लाव्हा पाण्याच्या लोंढ्यासारखा पसरत गेला. थरावर थर बसले. आजही हा काळा पाषाण जवळपास पाच लाख चौरस किलोमीटरवर आहे. पुढे गुंजवणी, शिवगंगा अशा नद्यांनी ते पठार कापून काढलं. दऱ्या खोल गेल्या, मधले तुकडे राहिले, त्यांनाच आपण गड म्हणतो. आपले डोंगर उभे राहिलेले नाहीत, उरलेले आहेत. मला स्वतःला हे पहिल्यांदा उमगलं तेव्हा मी कितीतरी वेळ त्या दरीकडे बघत बसलो होतो.

आतकरवाडीच्या वाटेने चढलात तर पायाखालीच पुरावा मिळेल. कातळकडा, मग गवताळ उतार, पुन्हा कडा. एकेक कडा म्हणजे लाव्हाचा टणक थर. सह्याद्रीत कुठे कुठे दोन थरांमध्ये तांबड्या मातीची पट्टी दिसते, तिथे मात्र थांबाच. एक लाव्हा थंड होऊन, ऊन-पावसात झिजून त्याची माती झाली आणि त्यानंतर दुसरा आला. मधली सगळी वर्षं त्या वीतभर पट्टीत आहेत.

लाव्हातल्या वायूच्या बुडबुड्यांच्या जागी पोकळ्या राहिल्या. त्यांत खनिजं मिसळलेलं पाणी झिरपून स्फटिक झाले. वाघोलीच्या दगडखाणीतला गडद निळा कॅव्हनसाइट असाच जन्मला. जगभरचे संग्राहक तो जपून ठेवतात आणि आपण खडीचे ट्रक मोजतो, याचं मला खरंच वाईट वाटतं.

धगधगता ज्वालामुखी पाहायची हौस असेल तर भारतात तो एकच: अंदमानातलं बॅरन बेट. 1787 साली त्याच्या उद्रेकाची नोंद झाली. पुढे दीर्घकाळ शांत राहून ते 1991 मध्ये पुन्हा जागं झालं. तिथे आजही डोंगर वर वाढू शकतो. इथे सिंहगडावर मात्र दर पावसाळ्यात थोडी माती खाली खडकवासल्याकडे जाते.