जाघोरीच्या डॉक्टरीणबाई

मंगळवार, रात्री उशिरा

झोप येत नाही. दुपारी डॉ. सीमा समर यांच्याबद्दल वाचलं, तेव्हापासून त्या मनातून जात नाहीत.

अफगाणिस्तानात गझनी प्रांतात जाघोरी आहे, तिथला त्यांचा जन्म. हजारा या तिथल्या अल्पसंख्याक समाजातल्या. काबूलला डॉक्टरकी शिकत असतानाच, 1979 साली, कम्युनिस्ट राजवटीने नवऱ्याला उचलून नेलं. तो परत आलाच नाही. पदरात लहान मूल. तरी 1982 मध्ये त्या डॉक्टर झाल्या आणि जाघोरीला परतल्या. डोंगराळ मुलूख, धड रस्ते नाहीत, त्यात सोव्हिएत फौजांशी लढाई पेटलेली.

इथं मी वाचायची थांबले. एकतीस वर्षं मी नर्स होते. पावसाळ्यात ओढ्याला पाणी चढलं की पलीकडच्या वाडीचा संपर्क तुटायचा. एकदा तिथंच अडकले होते. चुलीवर दोरा आणि ब्लेड उकळून घेतलं, कंदील बाळंतिणीच्या सासूच्या हातात दिला आणि नाळ बांधली. बाळ रडेपर्यंत माझा जीव थाऱ्यावर नव्हता. पण पाणी ओसरलं की गाडी येणार, हे मला ठाऊक होतं. त्यांनी कुणाची वाट पाहायची?

1984 मध्ये मुलाला घेऊन त्या पाकिस्तानात क्वेट्टाला गेल्या. निर्वासित बायका पुरुष डॉक्टरकडे जायच्या नाहीत, म्हणून बायकांसाठी दवाखाना काढला. 1989 मध्ये शुहदा ही संस्था उभी केली. तिचे दवाखाने आणि शाळा थेट अफगाणिस्तानात चालल्या. तालिबानच्या पहिल्या राजवटीतसुद्धा त्या शाळांत मुली शिकत होत्या! 2001 च्या डिसेंबरात त्या महिला खात्याच्या मंत्री झाल्या. धमक्या आल्या, काही महिन्यांत पद सुटलं. मग 2019 पर्यंत मानवाधिकार आयोग सांभाळला. मला मात्र त्यांचं मंत्रिपद फारसं आठवत नाही. डोंगरातल्या त्या एकट्या डॉक्टरीणबाईच डोळ्यांपुढे येतात.

ऑगस्ट 2021 मध्ये तालिबान परत आले. आधी मुलींच्या माध्यमिक शाळा बंद, मग विद्यापीठं. डिसेंबर 2024 मध्ये नर्सिंगचे आणि सुईणींचे वर्गही बंद केले. काही प्रांतांत तर बाईने पुरुष डॉक्टरकडे जायचं नाही, आणि वर बाईने शिकायचंही नाही. मग अडलेल्या बाळंतिणीला हात कुणी लावायचा? वाचताना अंगाची लाही झाली.

त्या वर्गातल्या मुली अर्ध्यातून घरी गेल्या असतील. नाळ बांधायची कशी, रक्तस्राव थांबवायचा कसा, एवढं तरी त्यांचं शिकून झालं असेल का?