तुम्ही विचारलंत म्हणून: मैदानात काठ्या रोवत बसलं तर पोर्शन कधी संपतो?

शिक्षण परिषदेत, पालक सभेत, अगदी कुणाच्या लग्नात भेटलेल्या शिक्षक मंडळींकडूनसुद्धा मला हा प्रश्न येतोच, की मॅडम, तुम्ही पोरांना घेऊन उन्हात सावल्या मोजत बसता, मग पोर्शन कधी संपवता? तिथे घाईत दोन वाक्यं बोलून होतात आणि विषय राहून जातो, म्हणून आज जरा सविस्तर लिहिते. थेट उत्तर हवं असेल तर, पोर्शन त्या सावलीतच संपतो, आणि विज्ञानाबरोबर भूगोल आणि गणिताचाही बराच संपतो.

आमची शाळा साताऱ्याजवळच्या एका खेड्यात, वर्ग सातवी-आठवीचे. लागतं काय, तर एक मीटरची सरळ काठी, सपाट केलेली जमीन आणि काठी सरळ उभी आहे का ते बघायला ओळंबा, तो कुणा ना कुणा गवंड्याच्या पोराकडून येतोच. अकरापासून दीडपर्यंत दर दहा मिनिटांनी दोघं-दोघं पाळीपाळीने बाहेर जातात, सावलीच्या टोकाला खूण करतात, लांबी मोजतात, वहीत वेळेसकट लिहितात आणि परत येऊन बसतात, बाकीच्यांचा तास आत चालूच असतो. म्हणजे वेळ जातो असं जे वाटतं ना, तो एवढा जात नाही.

सुरुवातीला विचारायचं, सावली सगळ्यात लहान कधी होईल? अख्खा वर्ग ओरडतो, बारा वाजता! फेब्रुवारीत हे करून बघा. बारा वाजतात आणि सावली लहान होतच राहते, साडेबारा होतात तरी होतेच आहे, आणि पावणेएकच्या आसपास कुठे ती थांबते आणि मग परत वाढायला लागते. पोरांना पहिला संशय शाळेच्या घड्याळाचा येतो, मग कुणाच्या तरी मोबाईलवर वेळ बघतात, तो पण तेच सांगतो. आता गंमत अशी की भूगोलात प्रमाणवेळेचा धडा पाठ झालेला असतो, भारताची घड्याळं ज्यावर लावतात तो ८२.५ पूर्व रेखांश, तो जातो ते मिर्झापूर, एका अंशाला चार मिनिटं, सगळं घडाघडा येतं, पण ते आपल्या अंगणातल्या काठीला लागू आहे असं कुणाच्या डोक्यातच आलेलं नसतं. नकाशा उघडायला लावला की सातारा ७४ अंशांच्या आसपास दिसतं, फरक साडेआठ अंशांचा, गुणिले चार, चौतीस मिनिटं. म्हणजे आपल्याकडे सूर्य मिर्झापूरच्या चौतीस मिनिटं नंतर माथ्यावरून जातो. तो धडा मग मी परत शिकवत नाही, गरजच राहत नाही.

पण बारा चौतीस आणि पावणेएक यातली उरलेली दहा-पंधरा मिनिटं? ती मी मुद्दाम सांगत नाही. नोव्हेंबरच्या सुरुवातीला मोजलं तर सगळ्यात लहान सावली सव्वाबाराच्या जरा पुढेच मिळते, आणि हे दोन आकडे एकाच वहीत शेजारी शेजारी आले की प्रश्न पोरांकडूनच येतो. मग त्यामागचं कारण म्हणून पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळाकार असणं आणि अक्ष कललेला असणं या दोन गोष्टी सांगायला कान तयार असतात.

२१ मार्चच्या आसपास दिवस-रात्र सारखे असतात तेव्हा तर हे करायलाच हवं. त्या दिवशी आमच्याकडे एक मीटर काठीची सगळ्यात लहान सावली साधारण ३२ सेंटीमीटर पडते. वहीत १० सेंमीची उभी रेघ, तिच्या पायाशी ३.२ सेंमीची आडवी, दोन्हींची टोकं जोडायची आणि वरच्या टोकाचा कोन कोनमापकाने मोजायचा. साडेसतरा-अठरा अंश येतो. त्या दिवशी सूर्य विषुववृत्ताच्या बरोबर वर असतो, म्हणून तोच आपला अक्षांश, नकाशात बघून घ्या. त्रिकोणमिती लागत नाही, प्रमाण आणि कोनमापक एवढ्यावर भागतं, आणि आपण पृथ्वीवर कुठे आहोत हे काठीने सांगितलं याचा पोरांना जो आनंद होतो तो मला अजूनही दरवर्षी नवा वाटतो.

धुळ्याकडच्या ओळखीच्या शाळेने त्याच दिवशी मोजलं तर त्यांची सावली ३८ सेंमीच्या आसपास येते, कोन जवळजवळ २१. फरक तीन अंशांच्या थोडा वर, नकाशावरून दक्षिणोत्तर अंतर साडेतीनशे किलोमीटरच्या जरा पुढे, आणि त्रैराशिक मांडलं की पृथ्वीचा परीघ. इरॅटोस्थेनिस या ग्रीक विद्वानाने इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात इजिप्तमधल्या अलेक्झांड्रिया आणि सायीन या गावांमध्ये हेच केलं होतं, त्याचा कोन वर्तुळाचा पन्नासावा भाग होता. आपल्याकडे पण सूर्यसिद्धांत या जुन्या ज्योतिषग्रंथात शंकूच्या, म्हणजे उभ्या काठीच्या, सावलीवरून दिशा ठरवायची रीत आहे. झाला की नाही इतिहास? कोन मोजताना अर्ध्या अंशाची चूक झाली तर परीघ पाच ते सात हजार किलोमीटरने हलतो, हे मी पोरांना स्वतः काढायला लावते. दोन्ही शाळांचे कोन बरेच जणांकडून मोजून घेऊन सरासरी का काढायची ते इथे कळतं, नुसत्या उदाहरणसंग्रहातून नाही कळत.

आणि माझं स्पष्ट मत आहे की मोजमाप आणि नोंद नसेल तर त्याला कृती म्हणू नये. खायचा सोडा आणि व्हिनेगर ओतून ज्वालामुखी फेसाळला, टाळ्या पडल्या, मग पुढे? सोडा दुप्पट केला तर फेस किती, हे कुणी विचारलं तर तो प्रयोग. आणि नोंद म्हणजे मराठीचं लेखन, "ढग आला म्हणून १२.२० ची खूण राहिली" हे वाक्य ज्या पोराने लिहिलं त्याला मी निबंधाइतकाच मान देते.

सगळंच असं शिकवता येत नाही हेही मान्य. अणूची रचना मी फळ्यावरच शिकवते, पटापट.

परीक्षेचं काय, हा पुढचा प्रश्न असतो. मध्य प्रदेशातल्या होशंगाबाद जिल्ह्यात १९७२ साली सोळा शाळांत प्रयोगातून विज्ञान शिकवायचा जो कार्यक्रम सुरू झाला, त्यात परीक्षेला पुस्तक उघडायची परवानगी होती आणि प्रात्यक्षिकाची परीक्षा वेगळी होती. २००२ मध्ये सरकारने तो बंद केला, याचं मला आजही वाईट वाटतं. आमच्या हातात तेवढं नाही, पण घटक चाचणीत एक प्रश्न मी नेहमी सावलीच्या तक्त्यावर देते आणि वही जवळ ठेवू देते.

शून्य सावलीचा दिवस मात्र शाळेला कधी जमत नाही, आमच्याकडे तो १० मेच्या आसपास येतो आणि मग ऑगस्टच्या सुरुवातीला, एक सुट्टीत आणि दुसरा पावसात. म्हणून एप्रिलमध्येच सांगून ठेवते की मामाच्या गावाला गेलात तर तिथे दुपारी उभी बाटली ठेवून बघा, सावली कुठल्या तारखेला गायब होते ते लिहून आणा. सावंतवाडीला गेलेल्याची तारीख ४ मेच्या जवळपासची येते, धुळ्याला गेलेल्याची २५ च्या आसपास, आणि जूनमध्ये पहिल्याच तासाला या तारखा फळ्यावर गावांच्या नावांसमोर लिहिल्या की अक्षांशाचा धडा तिथूनच सुरू करता येतो.