तुम्ही विचारलंत म्हणून: सॅलडमध्ये फिश सॉस का नाही

पपनसाचं सॅलड केलं की कुणीतरी पहिल्या घासाला मान डोलावतं आणि दुसऱ्या घासाला विचारतं, "हे थाई ना? मग फिश सॉस कुठंय? तो नसेल तर थाई कसलं?" आजवर मी "सगळ्यांना चालत नाही ना" एवढं म्हणून विषय बदलत आले. उत्तर खोटं नाही, पण अर्धवट आहे. आणि ते देत राहण्याचा आता कंटाळा आलाय. तुम्ही विचारलंत म्हणून पूर्ण सांगते.

आधी एक गोष्ट. फिश सॉस काय करतो ते मला ठाऊकच नसेल असं कृपा करून धरून चालू नका. कितीतरी बाटल्या संपवल्यात मी. थायलंडचं याम सोम-ओ काय किंवा व्हिएतनामचं गॉय बुओई काय, दोन्ही पपनसाची सॅलडं, आणि दोन्हींचा कणा तोच. लहान मासे आणि मीठ एकत्र करून महिनोन्‌महिने, कित्येकदा वर्षभर, मुरवायचे आणि जो तांबूस रस निघतो तो गाळून घ्यायचा. व्हिएतनामच्या फू क्वॉक बेटावरच्या सॉसला तर २०१२ साली युरोपीय संघाने त्याच्या नावाचं संरक्षण दिलं. लिंबू आंबट, ताडगूळ गोड, मिरची तिखट, या तिघांना एका जागी बांधून ठेवायचं काम तो करतो. नुसत्या मिठाने ते होत नाही. हे मी तेव्हाही म्हणत होते आणि आजही म्हणते.

तेव्हा मी जरा जास्तच ठासून म्हणत होते. कुणी सोया सॉस घालून तेच सॅलड केलेलं दिसलं की मी म्हणायचे, मग त्याला दुसरं काहीतरी नाव द्या. पदार्थाशी प्रामाणिक राहायचं, हा माझा शब्द होता. पदार्थाशी. खाणाऱ्याचा त्यात कुठे उल्लेख नसायचा.

शेजारी एक काकू राहायच्या. जन्माच्या शाकाहारी, पण सोवळंओवळं करणाऱ्यातल्या नव्हेत. माझ्या घरी मासे शिजतात हे त्यांना माहीत होतं, त्या खुशाल येऊन बसायच्या, चहा घ्यायच्या. त्यांचा एकच नियम होता: जिवंत असलेलं काही माझ्या पोटात जायला नको. धर्माचं कारण त्यांनी कधी सांगितलं नाही. लहानपणी काहीतरी पाहिलं होतं, तेवढंच एकदा म्हणाल्या होत्या.

उन्हाळ्यातल्या एका दुपारी त्या आल्या तेव्हा मी पपनस सोलत होते. ते काम त्यांना फार आवडायचं, बघत बसायच्या. वरची जाड साल उभ्या चिरा देऊन काढायची, खालचा कापसासारखा पांढरा थर हाताने ओढून टाकायचा आणि मग एकेक पाकळी सुटी करून तिच्या पाठीवरचा पापुद्रा फाडायचा. पपनसाचा कडवटपणा मुख्यतः या पांढऱ्या थरात आणि पापुद्र्यात असतो, नारिंगिन म्हणतात त्याला, म्हणून तिथे कंटाळा करून चालत नाही. पण पापुद्रा नीट निघाला की आतल्या रसाच्या कण्या न फुटता सुट्या होतात, मोत्यासारख्या. संत्र्याच्या किंवा ग्रेपफ्रूटच्या अशा होत नाहीत, त्या लगेच रडायला लागतात. म्हणून या सॅलडला पपनसच हवं; संत्रं लागलं तर रंगाला, थोडं.

त्या दिवशी पाहुण्यांसाठी करत होते. कण्या, पुदिना, भाजलेल्या खोबऱ्याचा कीस, भरडलेले शेंगदाणे, कुरकुरीत तळलेला छोटा कांदा. सॅलडवर घालायचा आंबटगोड रस, फिश सॉससकट, वाटीत तयार होता. चव बघा म्हणून मी बशीभर कालवून काकूंच्या पुढे केलं. सवयीने केलं, असं मी पुढे कितीतरी दिवस स्वतःला सांगत होते. ते खरं नाही. बशी पुढे करताना माझ्या मनात आलं होतं. वाटीत दोन चमचे सॉस आहे, त्यातला त्यांच्या बशीत कितीसा येणार, आणि मासा थोडाच आहे तो, पाणी आहे. हे सगळं एका क्षणात मनात येऊन गेलं आणि मी बशी पुढे केली.

त्यांना खूप आवडलं. ओळखण्याचा प्रश्नच नव्हता. माशाचा वास म्हणून आपल्या नाकाला जे जाणवतं, त्यातलं मुख्य द्रव्य आम्लाशी गाठ पडली की उडून नाकापर्यंत येत नाही. म्हणून तर मासळीवर लिंबू पिळतात. लिंबाच्या एवढ्या रसात दोन चमचे सॉस कुणालाच कळला नसता. त्या उन्हाळ्यात त्यांनी ते सॅलड आणखी दोनदा खाल्लं. दोन्ही वेळा मी दिलं.

मग त्यांनी कृती मागितली. डायरी घेऊन आल्या, चष्मा लावला. मी सांगत गेले, त्या लिहीत गेल्या. लिंबाचा रस तीन चमचे. ताडगूळ दोन चमचे. मिरची आवडीप्रमाणे. पेन थांबलं, त्यांनी वर बघितलं, आणि मी म्हणाले, "सोया सॉस, दोन चमचे." त्यांनी ते लिहिलं. खाली रेघ मारली.

आठवड्याने फोन आला. "अगं, तुझ्यासारखं नाही होत. काय चुकतंय?" मी म्हणाले, गूळ थोडा कमी करून बघा. पुन्हा फोन. मी म्हणाले, लिंबं ताजी घ्या. तिसऱ्या वेळी त्या स्वतः डबा घेऊन आल्या. बोटभर उंचीचा स्टीलचा डबा, झाकणावर सांडलेला रस पुसून आणलेला. "चव घे आणि सांग." मी घेतली. सगळं बरोबर होतं. पापुद्रा माझ्यापेक्षा स्वच्छ काढला होता. पुदिना हाताने तोडला होता, सुरीने नाही, कारण मी तसं सांगितलं होतं. फक्त ती खोली नव्हती. आणि समोर एक बाई उभी होती, जी मनापासून समजत होती की तिच्याच हाताला काहीतरी येत नाहीये.

तेव्हा सांगितलं.

त्या ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर मला सोपं गेलं असतं. त्यांनी विचारलं, "किती वेळा?" मी म्हणाले, तीन. त्यांनी मान हलवली, डब्याचं झाकण लावलं. दारात थांबून म्हणाल्या, "मला विचारलं असतंस तर मी नाही म्हटलं असतं. तेवढंच झालं असतं ना?" आणि गेल्या.

तर फिश सॉस का नाही, याचं उत्तर हे आहे.

आता तुमच्यातले काही म्हणतील, हे काकूंचं झालं, आम्ही खातो, आम्हाला तरी घाल. मी स्वतःला हेच विचारते. मी मासे सोडलेले नाहीत, बाटली अजून आहे, आणि एकटीसाठी केलं तर घालतेसुद्धा. पण चार माणसं जेवायला असली की एका मोठ्या भांड्यात कालवलेलं सॅलड सगळ्यांच्या ताटात जातं, आणि त्यातून कुणाला वगळायचं ते वेळेवर आठवेल असा भरवसा मला माझ्याबद्दल राहिलेला नाही. म्हणून भांड्यात जे जाईल ते सगळ्यांना चालणारं. सॉस बाजूला वाटीत ठेव, असंही सुचवलं जातं. करून पाहिलं. वरून घातलेला सॉस वेगळा लागतो, तो लिंबात आणि गुळात मिसळून थोडा वेळ बसायला हवा.

आणि "मग ते थाई कसलं" याला माझं उत्तर आहे. ते जुन्या मलाही आहे. थायलंडमध्ये दरवर्षी चिनी चांद्र पंचांगाच्या नवव्या महिन्यात नऊ दिवस लोक 'जे' पाळतात. फुकेतमधला हा उत्सव तर जगभर माहीत आहे. मांस नाही, मासे नाहीत, फिश सॉस नाही, इतकंच काय, लसूणसुद्धा नाही. व्हिएतनाममध्ये कितीतरी बौद्ध घरांत चांद्र महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी 'चाय' जेवण असतं, त्यात गॉय बुओई टोफू नाहीतर अळंबी घालून होतं आणि त्यासाठी बिनमाशाचं नुओक माम, म्हणजे तिथला फिश सॉस, तेही मिळतं. ज्यांचा हा पदार्थ आहे त्यांनीच त्यासाठी जागा ठेवलेली आहे. मला ते तेव्हा माहीत नव्हतं. माहीत असतं तर मी वागले नसते, असं मात्र म्हणवत नाही.

बदली सॉस जमवायला मला जवळजवळ वर्ष लागलं. आता जे करते ते असं: वाळलेल्या शिताके अळंबी पाच-सहा आणि कोम्बू या समुद्री वनस्पतीचा तळहाताएवढा तुकडा, दोन्ही पेलाभर गार पाण्यात रात्रभर फ्रिजमध्ये. सकाळी कोम्बू काढून टाकायचा आणि ते पाणी मंद आचेवर पाव पेला उरेपर्यंत आटवायचं. मग त्यात दोन चमचे फिका सोया सॉस आणि चवीला मीठ. कोम्बूतलं ग्लुटामेट हे चव देणारं द्रव्य टोकियोचे रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा यांनी १९०८ साली वेगळं काढलं आणि त्या चवीला 'उमामी' हे नाव दिलं. शिताकेत ग्वानिलेट नावाचं तसंच दुसरं द्रव्य असतं, आणि ही दोन एकत्र आली की चव बेरजेने नाही, कितीतरी पटीने वाढते. हे वाचल्यावर माझं जमलं, त्याआधी मी नुसता सोया वाढवत बसले होते आणि सगळं काळं आणि खारट होत होतं.

तसंच होतं का? नाही. जवळ जातं. गार पपनस, पुदिना आणि अगदी बारीक चिरलेला गवती चहाचा पांढरा दांडा असला तर दहातल्या आठ जणांना फरक कळत नाही. मला कळतो. प्रत्येक वेळी कळतो.

आणखी एक, कारण याच्याशी त्याचा संबंध आहे. मी हल्ली जेवायला येणाऱ्यांना शेंगदाणे चालतात का आणि गोळ्या कोणत्या चालू आहेत हेही विचारते. काहींना ती चौकशी आगाऊ वाटते. पण ग्रेपफ्रूट आणि पपनस यांतली काही द्रव्यं आतड्यातलं, औषध मोडणारं एन्झाइम बंद पाडतात, आणि रक्तात औषध अपेक्षेपेक्षा जास्त जातं. रक्तदाबावरच्या फेलोडिपिनबाबत कॅनडातल्या संशोधकांना हे अपघाताने सापडलं, औषधावर दारूचा काय परिणाम होतो ते तपासताना दारूची चव लपवायला त्यांनी ग्रेपफ्रूटचा रस वापरला होता. १९९१ साली ते 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात छापून आलं. कोलेस्टेरॉलवरच्या सिम्व्हास्टॅटिनचंही तसंच. अशा गोळ्या असणाऱ्यांनी डॉक्टरांना विचारावं. माझ्याकडे त्यांच्यासाठी मी साध्या गोड संत्र्याचं करते, पाकळ्या सोलून, आणि वाढायच्या अगदी आधी कालवते, कारण मीठ-गूळ लागताच संत्र्याला पाणी सुटतं.

काकू अजून येतात. बोलणं पूर्वीसारखं आहे, जवळजवळ. मागच्या महिन्यात आल्या तेव्हा मी पपनसच सोलत होते. बशी भरली आणि त्यांनी विचारायच्या आधी एकेक सांगितलं, अळंबीच्या पाण्यापासून खोबऱ्यापर्यंत. बाटल्याही काढून दाखवल्या, लेबलं वाचून दाखवली. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग बशी हलकेच बाजूला सरकवली आणि परातीतल्या न कालवलेल्या कण्यांतून दोन पाकळ्या उचलून घेतल्या. "गोड निघालंय," म्हणाल्या. मी पुढची पाकळी सोलायला घेतली.