जबड्यात थेंब घेऊन चाललेली बाला

कोस्टा रिकातल्या ला सेल्वाच्या जंगलात शिरताना आमच्या वाटाड्याने एकच गोष्ट तीनदा बजावली: पाय घसरला तर खुशाल पडा, पण झाडाला हात टेकू नका. इथे वर्षाला चार मीटरच्या आसपास पाऊस पडतो. वाटा कायम निसरड्या, आणि तोल गेला की हात आपसूक खोडाकडे जातो.

खोडावर असते बाला. स्पॅनिशमध्ये बाला म्हणजे बंदुकीची गोळी. पॅरापोनेरा क्लॅवाटा या मुंगीचं हे इथलं नाव. व्हेनेझुएलात तिला 'चोवीस'ची मुंगी म्हणतात, कारण डंखाची कळ चोवीस तास उतरत नाही. जस्टिन श्मिट या कीटकशास्त्रज्ञाने कित्येक कीटकांचे डंख स्वतः सोसून वेदनेच्या पायऱ्या ठरवल्या, त्यात ही सगळ्यात वर आहे. तिच्या विषातलं पोनेराटॉक्सिन मज्जातंतूंमधली सोडियमची दारं वेळेवर मिटू देत नाही. म्हणून ठणका लाटांसारखा येत राहतो.

ब्राझीलमधले सातेरे-मावे जमातीतले तरुण या मुंग्या विणलेल्या हातमोज्यांत हात घालून पुरुषपणाची दीक्षा घेतात. त्याचे व्हिडिओ मी घरी पाहिले होते. पण त्यात वेदना दिसली होती, मुंगी दिसलीच नव्हती.

ती दिसली पेंटाक्लेथ्रा नावाच्या एका झाडाच्या बुंध्याशी. मुळांच्या बेचक्यात वारूळ नाही, नुसतं एक भोक. वाटाड्याने हाताने थांबवलं आणि आम्ही दोन हात अंतरावर उकिडवे बसलो. वरून एक बाला उतरत होती. आपल्या मुंगळ्याहून मोठी, इंचभर, काळी, अंगावर तांबूस झाक. आणि जबड्यांच्या मध्ये एक पारदर्शक थेंब! झाडाच्या पानांवरच्या ग्रंथींतून गोड रस पाझरतो, तो ती असा तोंडात धरून घरी नेते. या रसावरच वसाहतीचं बरंचसं पोट चालतं. उभ्या खोडावरून डोकं खाली करून उतरताना ती सालीच्या प्रत्येक भेगेशी थबके, मिशांनी चाचपे, मग पुढे सरके. थेंब थरथरे, पण पडला नाही. मी श्वास रोखून पाहत होते, खरंच. भोकाच्या तोंडाशी दुसरी एक बाला आली, दोघींच्या मिशा भिडल्या, आणि थेंब घेऊन ती आत गेली.

परतताना पाऊस कोसळला. मी दोनदा घसरले, एकदा गुडघाही फुटला. हात मात्र छातीशीच होते.